बिरकत अल अवामेरचं वाक्य

कतारला जाऊन आलो म्हटल्यावर नाशिकच्या मंडळींनी मला दोनच प्रश्न विचारले. सोनं स्वस्त आहे का, आणि उकाडा किती होता? सोन्याच्या दुकानात मी पाऊल ठेवलं नाही, आणि दिवस थंडीचे असल्यामुळे संध्याकाळी स्वेटर लागत होता. मग कशाला गेला होतात, असं कुणी विचारलं की मी खरं ते सांगतो. हंगेरियन व्याकरणासाठी. त्यावर समोरचा माणूस चष्म्यावरून एकदा माझ्याकडे बघतो आणि गोदावरीच्या पाण्याबद्दल बोलू लागतो.

तरुणपणी शिष्यवृत्तीवर मी बुडापेस्टला दोन हिवाळे काढले आणि तेव्हापासून या भाषेनं मला सोडलेलं नाही. कॉलेजात चाळीस वर्षं मराठी शिकवली, पण कपाटाचा खालचा खण कायम हंगेरियनचा. बायको त्याला सवतीचा खण म्हणते. तिला मी दोह्याला चल म्हटलं, तर म्हणाली, "वाळू बघायला इतक्या लांब कशाला? तुम्हीच या बघून."

बोलावणं आलं होतं आग्नेशकडून. बुडापेस्टला ती मला शिकवायची. वयानं माझ्याहून पाचच वर्षांनी मोठी, म्हणून पुढे मैत्री झाली आणि पत्रं चालू राहिली. दोन वर्षांपासून ती दोह्याच्या एका विद्यापीठात भाषाविज्ञान शिकवत होती आणि वाक्यरचनेवर एक लहानसा परिसंवाद भरवत होती. माझी मुलगी मुग्धाही दोह्यातच राहते. एका तिकिटात मुलगी आणि व्याकरण दोन्ही साधत होतं. कतारच्या फुटबॉल वर्ल्ड कपला तेव्हा अजून पाच-सहा वर्षं होती.

फरीज बिन ओमरान

मुग्धाचं घर फरीज बिन ओमरानमध्ये, चौथ्या मजल्यावर. खाली केरळी माणसाचं किराणा दुकान, शेजारी लाँड्री, समोर मशीद. खिडकीतून पाहिलं की क्रेन दिसायच्या. मी एकदा मोजायला बसलो आणि एकोणिसाव्या क्रेनला कंटाळलो. सगळं शहर खणून ठेवलेलं. काल ज्या रस्त्यानं गेलो तो आज बंद, आणि नवा रस्ता कुठून काढलाय ते जावयालाही माहीत नसे. जावई अभिजित एका बांधकाम कंपनीत प्लॅनिंगचा इंजिनियर. सकाळी पाचला जायचा, संध्याकाळी सातला परतायचा आणि जेवताना त्याच्या तोंडी एकच शब्द असायचा, 'हँडओव्हर'.

निघण्याआधी मुग्धानं फोनवर तीनदा बजावलं होतं, "बाबा, खसखस आणायची नाही. इथे ती अफूत धरतात." त्यामुळे बायकोनं जन्मात पहिल्यांदा बिनखसखशीचे अनारसे केले होते. ते दिसायला इतके केविलवाणे झाले की पाहुण्यांपुढे ठेवायची लाज वाटावी. नात ईरा नऊ वर्षांची. मी मराठीत विचारायचो, ती इंग्रजीत उत्तर द्यायची, आणि दोघांनाही सगळं समजायचं. अनारसा खाऊन ती म्हणाली, "आजोबा, इट्स ओके." आजीला हे कळवू नको, असं मी तिला मराठीत सांगितलं.

दुसऱ्या दिवशी आग्नेशकडे गेलो. पाठ वाकली होती, सिगारेट सुटली नव्हती. तिनं शेवया उकडून त्यावर दळलेली साखर आणि लोणी घातलं होतं. हंगेरीत यावर खसखस घालतात, मूठमूठ. इथे ती नाही म्हणून आग्नेशची शेवई उघडी आणि मी नेलेले अनारसेही उघडे. आम्ही एकमेकांचे पदार्थ मुकाट्यानं खाल्ले.

मग ती माझा परिसंवादासाठी लिहिलेला निबंध वाचायला बसली. निबंधाचा विषय थोडक्यात सांगतो, कारण पुढचं सगळं त्यावरच आहे. हंगेरियनमध्ये 'ऑन्नॉ हॉझॉमेन्त' म्हणजे आन्ना घरी गेली. साधी बातमी. 'हॉझॉ' म्हणजे घराकडे, 'मेन्त' म्हणजे गेली. आता कोण गेलं यावर भर द्यायचा असेल, तर हंगेरियन माणूस म्हणतो 'ऑन्नॉ मेन्त हॉझॉ'. गेली ती आन्नाच, दुसरी कुणी नाही. क्रियापदाच्या अगदी अलीकडची जागा ही त्या भाषेत मानाची जागा आहे. तिथे ज्याला बसवाल, त्याच्यावर वाक्याचा सगळा जोर. मग घरसुद्धा उठून मागे जाऊन बसतं. आपल्याकडेही हेच आहे. 'आई घरी गेली' आणि 'घरी आई गेली' यात शब्द तेच, पण दुसऱ्या वाक्यात जोर आईवर. हजारो मैलांवरच्या, नात्यागोत्याचा संबंध नसलेल्या दोन भाषांनी मानाची जागा एकच नेमावी, याचं मला चाळीस वर्षं नवल वाटत आलं आहे.

आग्नेशनं कागद खाली ठेवला. "तुझी मराठी वाक्यं सगळी तूच बनवलेली आहेत," ती म्हणाली. "खुर्चीत बसून."

"मी मराठी आहे," मी म्हटलं.

"तू प्राध्यापक आहेस. मला कुणालातरी काहीतरी हवं असताना बोललेली वाक्यं हवीत. वाक्य कशासाठी बोललं गेलं ते आधी बघायचं, मग त्याचे तुकडे करायचे. हे मी तुला विशीत शिकवलं होतं."

शिकवलं होतं, खरं आहे. कार्याच्या अंगानं वाक्याकडे बघणं म्हणतात ते हेच. या पद्धतीवर मी स्वतः दोन पिढ्यांना व्याख्यानं दिली आहेत. मी बोलणारी माणसं शोधायला लागलो.

बिरकत अल अवामेर

माणसं मिळाली ती भगवानमुळे. भगवान सिन्नरचा, कामगारांची बस चालवायचा, आणि अभिजितची गाडी बिघडली की त्याला साइटवर सोडायचा. मी गावाकडच्या बोलीच्या शोधात आहे म्हटल्यावर तो म्हणाला, "सर, शुक्रवारी चला माझ्यासोबत बिरकतला. तिथे मराठवाड्याची पोरं हायेत. बोलतील तुमच्याशी."

बिरकत अल अवामेर ही कामगारांची वस्ती, शहराच्या दक्षिणेला. इंडस्ट्रियल एरियातली गॅरेजं आणि गोदामं मागे पडली की बराच वेळ काही दिसत नाही. वाळूसुद्धा पिवळी नाही, राखाडी. मग एकदम एकसारख्या दुमजली इमारतींच्या रांगा सुरू होतात, कॉलेजच्या वसतिगृहासारख्या, फक्त झाड एकही नाही. शुक्रवार सुट्टीचा असल्यानं कठड्यांवर कपडे वाळत होते. निळे, एकाच मापाचे.

खोलीत सहा पलंग, तीनवर तीन. भगवाननं ओळख करून दिली. "हे नाशिकचे मोठे सर. भाषेचे. यांचे जावई इंजिनियर हायेत, मोठ्या हुद्द्यावर." पाच जण उठून उभे राहिले. सहावा चहा करायला गेला होता. तो मारुती. लातूरकडचा, पंचेचाळिशीचा, परांची बांधणारा. चार मजल्यांच्या उंचीवर लोखंडी नळ्या चढवायचं काम. त्याचे पंजे रुंद होते आणि पेला तो दोन्ही हातांत धरायचा. त्यानं आपली गादी झटकून मला बसायला दिली. चहाबरोबर शेंगदाण्याची चटणी आणि खारी आली. ही जोडी मी आधी कुठे खाल्ली नव्हती, पण वाईट लागत नाही.

मी नियमानं वागलो, हे मला इथे नमूद करायचं आहे. आम्हा लोकांचे नियम असतात. वही काढली, फोनवर ध्वनिमुद्रण लावलं, आणि विचारलं, "मी भाषेचा अभ्यास करतो. तुमचं बोलणं लिहून घेतलं तर चालेल का?"

"लिवा की साहेब," मारुती म्हणाला. "त्यासाठीच बसलोय."

आता त्यानं जे सांगितलं ते असं. त्याची आई आजारी होती. दिवाळीपासून अंथरुणावर. लातूरच्या डॉक्टरांनी घरी न्यायला सांगितलं होतं, म्हणजे काय ते आपल्याला कळतं. धाकटा भाऊ रोज फोन करायचा. त्या दिवसांत तिथल्या कामगाराला देश सोडायचा तर मालकाची परवानगी लागायची. तिला सगळे 'एक्झिट' म्हणत. मारुतीनं सुपरवायझरकडे चारदा एक्झिट मागितली होती. दोनदा इन्शाल्ला, एकदा पुढच्या महिन्यात, एकदा नुसतंच हात हलवणं. काम टार्गेटवर होतं, माणूस सोडता येत नव्हता.

हे तो शांतपणे सांगत होता. मध्येच थांबून तो म्हणाला, "आईला मी डोळ्यांनी बघितलं पायजे, साहेब."

माझी पेन्सिल थबकली. काय वाक्य होतं ते! आई सुरुवातीला, कारण गोष्ट तिची. क्रियापदाआधी 'डोळ्यांनी'. फोनवर ऐकून नाही, फोटोत पाहून नाही, डोळ्यांनी. मानाची जागा अगदी जिथे असायला हवी तिथे. खुर्चीत बसून असं वाक्य मला दहा जन्मांत सुचलं नसतं.

"परत एकदा म्हणा," मी म्हटलं.

त्यानं परत म्हटलं. आधीपेक्षा जरा हळू, मला लिहायला सोपं जावं म्हणून.

"आणि असं म्हणता येईल का? 'आईला डोळ्यांनी मी बघितलं पायजे'?"

मारुतीनं विचार केला. खरंच विचार केला, पेला खाली ठेवून. "येईल. पण तसं म्हनलं तर भावानं बघून भागत न्हाई, म्याच बघितलं पायजे, आसं व्हईल."

"अगदी बरोबर! हेच!" मी जवळजवळ ओरडलो. माझ्या बावीस पानांच्या निबंधाचं सार या माणसानं एका दमात सांगितलं होतं.

त्याचा चेहरा उजळला. "मग तेच लिवा साहेब. तेच बरं हाय."

मी लिहिलं. आणखी दोन-तीन प्रकारे तेच वाक्य फिरवून विचारलं. कुठलं बरं वाटतं, कुठलं खटकतं. प्रत्येक वेळी तो तितक्याच मन लावून सांगत होता, बाकीचे पाचही जण पलंगांवरून सल्ला देत होते. वहीत हे वाक्य चौदाव्या क्रमांकावर आलं. निघताना मारुती बसपर्यंत पोचवायला आला आणि त्यानं माझे पाय धरले. मला संकोच वाटला. वाटलं, शिक्षकाबद्दल आपल्या खेड्यांत अजून किती आदर आहे. परतीच्या वाटेवर मी भगवानला तसं म्हणालोसुद्धा. तो नुसताच हसला.

आईची गोष्ट मला कळली नव्हती असं नाही. कळली होती. वाईटही वाटलं होतं, बसमध्ये, इंडस्ट्रियल एरिया येईपर्यंत. मग मी टिपणं काढली.

पुढचे पाच दिवस मी मुग्धाच्या जेवणाच्या टेबलावर ते ध्वनिमुद्रण ऐकत बसलो. मारुतीचं वाक्य मी निदान साठ वेळा ऐकलं असेल. आवाज कुठे चढतो, कुठे पडतो, 'डोळ्यांनी'नंतर किती थांबतो. अभिजित रोज समोर बसून जेवायचा. त्याला मी विषयाचं महत्त्व समजावून सांगितलं. तो भला माणूस, ऐकून घ्यायचा. त्याच्याशी मी क्रियापदाबद्दल बोललो, मारुतीबद्दल बोललो नाही.

परिसंवाद

गुरुवारी परिसंवाद झाला. पंचविसेक माणसं, अरब, युरोपियन, दोन आपल्याकडचे दक्षिणी. खोली इतकी गार की एक बाई शाल गुंडाळून बसल्या होत्या. मी चौदावं वाक्य पडद्यावर दाखवलं. आमच्या पद्धतीनुसार वरच्या ओळीत मूळ मराठी, खाली शब्दाला शब्द अर्थ, तिसऱ्या ओळीत पूर्ण भाषांतर. मग मारुतीचा आवाज ऐकवला. त्यानं स्वतःच दिलेला निवाडाही सांगितला. लोक खूश झाले. मी हंगेरियन उदाहरणं शेजारी मांडली, आन्ना घरी गेली तीही. टाळ्या पडल्या. माझ्या आयुष्यात माझ्या व्याख्यानाला इतक्या मनापासून टाळ्या पडल्याचं मला आठवत नाही.

पहिला प्रश्न आग्नेशनं विचारला. तिला मराठीचं अक्षर येत नाही. ती तेवढा वेळ तिसरी ओळ वाचत बसली होती. इंग्रजीत न विचारता ती हंगेरियनमध्ये हळूच म्हणाली, "एश हॉझॉमेन्त?"

आणि तो घरी गेला का?

मला वाटलं ती आन्नाबद्दल विचारते आहे. त्या भाषेत तो आणि ती याला एकच शब्द असतो, आणि इथे तर तोही नव्हता. मी आन्नाचं उदाहरण परत समजावू लागलो. तिनं मान हलवली आणि पडद्याकडे बोट केलं.

"माहीत नाही," मी म्हटलं.

चहाच्या वेळी ती माझ्याजवळ आली. "तो हे कुणाला सांगत होता?"

"मला."

"कशासाठी?"

पहिल्या वर्षाच्या पोरालाही हा प्रश्न विचारायला मीच शिकवायचो.

"मग तू काय केलंस?"

"लिहून घेतलं."

तिनं सिगारेटचं पाकीट काढलं, पेटवायला बाहेर जावं लागेल हे आठवून परत ठेवलं, आणि दुसऱ्या पाहुण्यांशी बोलायला गेली. तिनं मला काही ऐकवलं असतं तर बरं झालं असतं.

मी तिथूनच भगवानला फोन लावला. मारुतीला एक्झिट मिळाली का, विचारलं.

"सर, मारुतीची आई गेली. मंगळवारी."

"मला कसं सांगितलं नाहीस?"

"मारुतीच म्हनला, सरांना सांगू नको. सर अर्जाच्या मागं लागलेत, त्यांच्या जिवाला घोर कशाला."

"कसला अर्ज?"

"त्याचा अर्ज सर. तुम्ही लिहून नेला ना."

मी भाषेचा मोठा सर. माझा जावई मोठ्या हुद्द्यावर. मी वही काढून त्याचं म्हणणं लिहून घेतो, एक वाक्य चार तऱ्हांनी फिरवून बघतो, कुठलं जास्त जोरदार ते विचारतो. अशा माणसाला जगात दुसरं काय म्हणतात? मारुतीच्या जागी कुणीही असता तरी त्याला अर्ज लिहिणाराच म्हणाला असता.

आणि भगवाननं पुढे सांगितलं ते याहून वाईट होतं. कामगारांच्या अडचणी बघणारा एक केरळी माणूस त्याच्या ओळखीचा होता. मी येऊन गेलो त्याच्या दुसऱ्याच दिवशी भगवान मारुतीला त्याच्याकडे नेणार होता. मारुती नको म्हणाला. एका थोर माणसाच्या हातात काम दिल्यावर मध्येच दुसऱ्याकडे जायचं नाही, त्याचा अपमान होतो. त्याच्या गावची ही रीत आहे. माझ्या आजोळचीही हीच होती. म्हणून तो चार दिवस माझ्या भरवशावर गप्प बसला.

पुन्हा बिरकत

शुक्रवारी मी परत गेलो. अभिजितला बरोबर घेतलं नाही, तोंड दाखवायचं ते एकट्यानं दाखवावं म्हणून. मारुती खालच्या पलंगावर बसला होता. मला बघून उठला आणि गादी झटकू लागला. मी त्याचा हात धरून खाली बसवलं.

"मारुती, माझ्याकडून फार मोठी चूक झाली."

"तुमची कशाची चूक साहेब? तुमी तर एक एक शबूद दोनदा इचारून लिवला. इथं कुनी करतंय का एवढं?" तो बोलायचा थांबला, मग म्हणाला, "आईला फोनवर सांगितलं होतं म्या. म्हनलं, नाशिकच्या मोठ्या साहेबांनी अर्ज लिवलाय, आता येतोच मी. ती म्हनली, साहेबांनी लिवलाय म्हंजी येशीलच. भाऊ सांगत व्हता, शेवटाला बी दाराकडंच तोंड करून पडली व्हती. समाधानानं गेली."

मी सांगायला गेलो होतो, की अर्ज नव्हता. वहीत जे लिहिलं ते तुझ्यासाठी नव्हतं. गाडीत वाक्यं जुळवली होती, साधी, स्पष्ट. ती त्याच्यासमोर तोंडातून बाहेर पडेनात. हे सांगून मन माझं हलकं झालं असतं, आणि आईचं ते समाधान खोटं ठरलं असतं. असं मी स्वतःला समजावलं. खरं म्हणजे मी भित्रा आहे.

"अर्ज तुमचा चांगलाच असनार," मारुती म्हणाला. "त्यांनीच दाबून ठिवला."

मी मान खाली घातली. त्याला वाटलं, मला राग आला आहे. तोच माझी समजूत काढू लागला.

घरी येऊन अभिजितला सगळं सांगितलं. तो ताटावरून उठला नाही, पण हात थांबला. "बाबा, मारुतीची कंपनी आमच्याच कामावर सब-काँट्रॅक्टर आहे. त्यांचा एचआरचा माणूस रोज माझ्यासमोर बसतो. आठ दिवसांपूर्वी बोलायचंत ना." मुग्धानं माझ्या ताटात भात वाढला आणि ती आत गेली.

रविवारी सकाळी अभिजितनं माझ्यासमोर फोन लावला. मी घड्याळाकडे बघत होतो. पाच मिनिटंही झाली नाहीत. त्यातली तीन तब्येतीच्या चौकशीत गेली, मग मारुतीचं नाव, मग हसणं, मग आभाराचं शुक्रन. मंगळवारी एक्झिट हातात आली आणि बुधवारी मारुती विमानात बसला. दहाव्याच्या दिवशी सकाळी गावी पोचला. बैल गेला आणि झोपा केला, ही म्हण मी वर्गात अनेकदा समजावून सांगितली आहे. झोपा म्हणजे गोठ्याचं दार, झोप नव्हे, असं सांगून पोरांना हसवायचो.

निघण्याच्या आदल्या दिवशी आग्नेशचा निरोप घ्यायला गेलो. तिला सांगितलं, चौदावं वाक्य मी निबंधातून काढून टाकतो आहे.

"काढ," ती म्हणाली. "तो ते बोलला होता, ते वाक्य काढल्यानं काही बदलत नाही." मग तिनं मला दारापर्यंत सोडलं, आणि चाळीस वर्षांत पहिल्यांदा आम्ही पुढच्या भेटीचं काही बोललो नाही.

नाशिक

येऊन महिना झाला असेल. दुपारी फोन वाजला. मारुती. तो गावीच राहिला होता, परत जाणार नाही म्हणाला. रब्बीचं बरं आहे, भावाला हातभार होतो. आईचं सगळं नीट पार पडलं. मग जरा अडखळला.

"साहेब, एक काम व्हतं. त्यो अर्ज तुमच्याजवळ आसंल की. त्याची नक्कल पाठवता का?"

"कशाला?"

"आमच्या वाडीवरची दोघं तिकडंच हायेत. एकाचा बाप लई आजारी हाय. म्या त्यांना म्हनलं, साहेबांच्या अर्जानं मला सोडलं, उशिरा का व्हईना. त्येच लिवून द्या, नाव तेवढं बदला."

एवढ्यात बायको चहा घेऊन आली आणि खुणेनं विचारलं, कोण. मी मारुतीला म्हटलं, "पाठवतो. संध्याकाळपर्यंत पाठवतो."

हे सगळं इथे लिहून ठेवलं आहे, कारण अर्ज नव्हताच हे त्याला मी अजून सांगितलेलं नाही.

फोन ठेवला आणि कपाटाच्या वरच्या खणातून कोरा कागद काढला. वही उघडायची गरज पडली नाही. त्याचं म्हणणं मला पाठ होतं. मराठीत लिहिलं, खाली इंग्रजीत लिहिलं, अभिजितचा नंबर घातला, नावाची जागा मोकळी सोडली. अर्ज अकरा ओळींचा झाला. सगळा मिळून पंधरा मिनिटं लागली, आणि चहा अजून गरम होता.